गदेच्या अलीकडचे पैलवान

महाराष्ट्र केसरीची दुसरीच स्पर्धा धुळ्याला झाली होती. १९६१ साली औरंगाबादला दिनकर दह्यारी पहिले महाराष्ट्र केसरी झाले आणि पुढच्याच वर्षी धुळ्याच्या मैदानात भगवान मोरे यांनी किताब घेतला. १९६६ साली स्पर्धेचं अधिवेशन जळगावला भरलं, तिथे दीनानाथ सिंह जिंकले. १९७७ साली मान चाळीसगावला मिळाला, पण त्या वर्षी किताबाची कुस्ती निकाली झालीच नाही. पहिल्या सतरा वर्षांत तीन वेळा महाराष्ट्रातली सगळ्यात मोठी कुस्ती खानदेशात झाली. हे आधी सांगायला हवं, कारण कुस्ती म्हटली की बोट कोल्हापूर, सांगली, पुणे, सोलापूरकडे जातं. खानदेश म्हटलं की केळी, कापूस, भरीत आणि बहिणाबाई.

ज्यांच्या खांद्यावर किताबाची चांदीची गदा आली त्यांच्याबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे. हा लेख गदेच्या अलीकडे थांबलेल्यांबद्दल आहे. प्रत्येक जिल्ह्यातून दरवर्षी गादी आणि माती अशा दोन्ही विभागांसाठी, वजनगटानुसार मल्ल निवडले जातात. ५७ किलोपासून वरपर्यंत गट असतात आणि किताबाची लढत मात्र ८६ ते १२५ किलोच्या खुल्या गटात होते. म्हणजे जळगाव किंवा धुळे जिल्ह्याचा संघ अधिवेशनाला निघतो तेव्हा त्यातल्या बहुतेक पोरांना गदा मिळण्याची शक्यता नियमानेच नसते. ती पोरं तरीही जातात. दहा-बारा वर्षं अंग मातीत घालतात, हंगामभर गावोगाव लढतात. तालुक्याबाहेर त्यांचं नाव कुणाला ठाऊक नसतं, तालुक्यात मात्र चहावाला पैसे घेत नाही. ही एक कारकीर्द आहे. तिला सुरुवात आहे, कमाई आहे, जखमा आहेत आणि शेवट आहे.

दिवाळीनंतर कापसाचा पैसा गावात खेळायला लागतो आणि कुस्तीचा हंगाम उघडतो. मार्गशीर्षात सारंगखेड्याची दत्ताची यात्रा घोडेबाजाराने गजबजते, चैत्रात धुळ्याला एकवीरादेवीची यात्रा भरते, वैशाखात अमळनेरला सखाराम महाराजांची. अशा मोठ्या यात्रांच्या मधल्या दिवसांत शेकडो लहान गावांच्या जत्रा असतात आणि त्यातल्या पुष्कळ गावांत जत्रेचा एक दिवस कुस्त्यांच्या दंगलीचा असतो. आखाजीपर्यंत, म्हणजे अक्षय्य तृतीयेपर्यंत हे चालतं. मग ऊन असह्य होतं, पुढे पेरणी येते, आणि पैलवान पुन्हा शेतात किंवा रोजंदारीवर दिसतो.

खानदेशातली दंगल बघायची तर दुपारी दोनलाच जाऊन बसावं. नांगरून, ढेकळं फोडून, पाणी शिंपडून केलेला चौक. भोवती माणसं, मागे ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या, त्यांच्यावरही माणसं. सुरुवात लहान पोरांच्या कुस्त्यांनी होते. पूर्वी त्या रेवड्यांवर आणि नारळावर लागायच्या, आता नोट हातात पडते. मोठे पैलवान अंगावर माती घेऊन, हात वर करून फडाभोवती फिरतात. ज्याला जोड घ्यायची तो पुढे येतो. कमिटीतला एखादा जुना पैलवान दोघांचे हात हातात घेतो, खांदे चाचपतो, वजनाचा अंदाज घेतो आणि जोड लावतो किंवा मोडतो. त्याच्या त्या दोन-तीन सेकंदांच्या नजरेवर पोराचा दिवस ठरतो. मग भोंग्यावर इनामाचा पुकारा. शंभर, दोनशे, पाचशेपासून चढत जाऊन शेवटच्या, पहिल्या नंबरच्या कुस्तीला मोठी दंगल असेल तर लाखाच्या घरात रक्कम जाते. गर्दीत कुणाला एखाद्या पोराची चपळाई आवडली तर तो वरून स्वतःचे पैसे लावतो, आणि म्हातारी माणसं एकमेकांना विचारतात, "हाऊ पोऱ्या कोना शे?" कुणाचा आहे, कोणत्या गावचा, कोणाच्या तालमीतला. ज्या दिवशी हा प्रश्न विचारणं बंद होतं, म्हणजे पोरगा ओळखीचा होतो, त्या दिवशी त्याची कारकीर्द खऱ्या अर्थाने सुरू झाली असं मी मानतो.

यानंतर हिशेब सुरू होतो. दंगलीत कुस्ती निकाली व्हायची अपेक्षा असते, वेळ संपली आणि चितपट झाली नाही तर ती बरोबरीत सोडवतात आणि इनाम निम्मं-निम्मं वाटतात. आता हंगामात तेच चार पैलवान त्याच दहा गावांत एकमेकांसमोर येत असतील, आणि एखाद्याचा गुडघा आधीच दुखत असेल, तर जोरात लढून लिगामेंट तोडून घेण्यापेक्षा अर्धं इनाम घेऊन घरी जावं असं वाटणारच. त्यातून नुरा कुस्ती, म्हणजे आधीच ठरवून केलेली कुस्ती येते. प्रेक्षक ओरडतात, कमिटी चिडते, पैलवानाला नावं ठेवली जातात. नुरा कुस्ती वाईटच. पण ज्याला दुखापतीचा विमा नाही, महिन्याचा पगार नाही आणि ज्याचा खुराक घरच्या म्हशीवर नि बापाच्या उधारीवर चालतो, त्याला एकट्याला दोषी धरणं मला पटत नाही. पहिल्या नंबरच्या एका कुस्तीवर निम्मा पैसा उधळून खालच्या वीस जोड्यांना चिल्लर देणारी कमिटीही त्यात वाटेकरी आहे.

खुराक हा कारकिर्दीतला कायमचा खर्च. दूध, तूप, बदाम, थंडाई, अंडी, मटण. मेहनतीच्या दिवसांत दोन-तीन लिटर दूध एका पैलवानाला लागतं. कोरडवाहू कापसाच्या घरात एक पोरगा पैलवानकी करतो तेव्हा बाकीच्यांच्या ताटातलं थोडं थोडं त्याच्याकडे सरकतं. बहिणी आणि आया यांचा त्याग कुठल्याही सत्कारात बोलला जात नाही, म्हणून इथे नोंदवतो.

दुसरा खर्च शरीराचा. कान फुटतात; कुस्तीच्या जगात तो दागिना समजला जातो. गुडघा गेला तर मात्र कुणी दागिना म्हणत नाही. तालुक्याला एमआरआय नसतो, जळगाव, धुळे किंवा नाशिक गाठावं लागतं. शस्त्रक्रिया झाली तरी नंतरचे सहा-नऊ महिने व्यायाम करून घेणारा जाणकार माणूस गावात नसतो. खानदेशातल्या कितीतरी चांगल्या पैलवानांची कारकीर्द हरून संपली नाही. ती या सहा-नऊ महिन्यांत संपली.

आता विजय चौधरीकडे यायला हवं, कारण त्याच्याशिवाय खानदेशच्या कुस्तीबद्दल बोलता येत नाही. चाळीसगाव तालुक्यातलं सायगाव बगळी हे त्याचं गाव. २०१४ साली अहमदनगरला त्याने सचिन येलभरला हरवून महाराष्ट्र केसरी जिंकली. २०१५ ची स्पर्धा नागपूरला झाली, तिथे विक्रांत जाधव समोर होता. २०१६ ला पुण्यात वारज्याला अभिजित कटके. सलग तीन. त्याच्याआधी नरसिंग यादवने २०११, २०१२ आणि २०१३ अशी हॅट्‌ट्रिक केली होती. राज्य सरकारने विजयला २०१७ मध्ये पोलीस उपअधीक्षक केलं. चाळीसगाव स्टेशनवरून धुळ्याला जी छोटी गाडी सुटते, तिच्या डब्यात तिसऱ्या किताबाच्या दिवसांत तीनच विषय होते असं सांगतात: कापसाचा भाव, नोटाबंदी आणि विजय.

पण त्याच्या यशाचा नकाशा नीट पाहा. पोरगा सायगावचा. तो घडला पुण्यात, कात्रजच्या मामासाहेब मोहोळ कुस्ती संकुलात, हिंदकेसरी रोहित पटेल यांच्या मार्गदर्शनाखाली. गदा जिंकायला खानदेशाला खानदेश सोडावा लागला. जळगाव जिल्ह्याने त्याला माती दिली, जत्रा दिल्या, सुरुवातीचे वस्ताद दिले. मॅट, जोडीला तोडीचे पंधरा-वीस भागीदार, डॉक्टर आणि स्पर्धेचं वेळापत्रक सांभाळणारा माणूस हे सगळं शेकडो किलोमीटर दूर होतं. विजय गेला आणि टिकला. ज्याच्या बापाला पुण्याचा महिन्याचा खर्च झेपला नाही, तो पोरगा विजयच्या तोडीचा होता की नव्हता, हे कळायला काही मार्गच उरला नाही.

विजयची पुढची गोष्ट मला त्याच्या तीन गदांइतकीच महत्त्वाची वाटते. २०२३ च्या उन्हाळ्यात कॅनडातल्या विनिपेगला जागतिक पोलीस आणि अग्निशमन क्रीडास्पर्धा झाल्या. त्यात त्याने १२५ किलो गटात सुवर्णपदक घेतलं आणि २०२५ साली अमेरिकेतल्या बर्मिंगहॅमलाही पुन्हा सुवर्ण. पस्तिशीच्या आसपासचा, दिवसभर पोलिसाची नोकरी करणारा माणूस हे करू शकला, कारण नोकरीने त्याच्या अंगाला आणि घराला आधार दिला होता.

विनिपेग हे शहर या लेखाच्या दृष्टीने आणखी एका कारणाने लक्षात ठेवण्यासारखं आहे. तिथे बर्फावरच्या हॉकीचे दोन व्यावसायिक संघ एकाच इमारतीत खेळतात. जेट्स हा वरच्या, राष्ट्रीय हॉकी लीगमधला संघ. मॅनिटोबा मूस हा त्याच्या खालच्या अमेरिकन हॉकी लीगमधला. ही खालची लीग १९३६ पासून चालू आहे आणि तिच्यात आज बत्तीस संघ आहेत, वरच्या लीगच्या प्रत्येक संघाला जोडलेला एक. मूसचा खेळाडू वर्षानुवर्षं गावोगाव फिरतो, त्याचं नाव जगाला माहीत नसतं, आणि त्यातले बरेच जण वरच्या लीगमध्ये मोजके सामने खेळून किंवा एकही न खेळता निवृत्त होतात. पण त्याला पगार असतो, डॉक्टर असतो, प्रशिक्षक असतो. अनेकांच्या करारात दोन आकडे लिहिलेले असतात: खाली खेळलास तर इतके, वर बोलावलं तर इतके. जेट्सचा कुणी जायबंदी झाला की फोन येतो आणि तो खेळाडू दुसऱ्या दिवशी वरच्या संघाच्या कपड्यांत असतो. मूसचा खेळाडू दुय्यम आहे, पण अनाथ नाही. आणि विनिपेगचे लोक मूसचे सामने बघायलाही तिकीट काढून जातात.

आपल्या पैलवानाकडे लोक आहेत. खरं तर मूसपेक्षा जास्त आपुलकीचे लोक आहेत. नाही तो वर जाण्याचा जिना. पारोळ्याच्या किंवा शिरपूरच्या दंगलीत सलग पाच कुस्त्या चितपट मारणाऱ्या पोराला पुढच्या आठवड्यात कुणी फोन करत नाही. जत्रेची कुस्ती आणि गादीवरच्या स्पर्धेची कुस्ती यांची एकमेकींशी ओळखच नाही. एक मातीत, वेळेच्या मुभेने, पाठ टेकेपर्यंत. दुसरी बारा मीटर लांबी-रुंदीच्या गादीवर, तीन-तीन मिनिटांच्या दोन फेऱ्या, मध्ये तीस सेकंद विश्रांती, दहा गुणांचा फरक पडला की खेळ संपला. मातीत पाय रोवून दमवणारा पैलवान गादीवर पहिल्याच मिनिटाला पायात पकड घालून घेतो आणि गुण गमावतो. यात त्याचं कौशल्य कमी नसतं. त्याने ती गादी वर्षातून एकदा, जिल्हा निवड चाचणीच्या दिवशी पाहिलेली असते.

आणि गदेची ओढ स्वतःच पोरांना चुकीच्या दिशेने नेते, हे मी कुस्तीवर प्रेम असूनही म्हणतो. गदा वजनदाराला मिळते, पहिल्या नंबरची कुस्तीही त्यालाच. म्हणून पासष्ट किलोचा अंगाने काटक पोरगा दोन वर्षांत खाऊन-पिऊन नव्वदकडे ढकलला जातो. पण भारताच्या पुरुष मल्लांनी ऑलिंपिकमध्ये मिळवलेली पदकं पाहा. १९५२ ला हेलसिंकीत कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव बँटमवेट गटात होते. पुढे सुशीलकुमार ६६ किलो, योगेश्वर दत्त ६०, बजरंग पुनिया ६५, रवी दहिया आणि अमन सेहरावत ५७. महाराष्ट्रातलं अलीकडचं मोठं नाव बीडच्या राहुल आवारेचं. २०१८ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत ५७ किलोत सुवर्ण आणि २०१९ च्या जागतिक स्पर्धेत ६१ किलोत कांस्य. खानदेशातल्या शेतकऱ्याच्या पोराचा बांधा या गटांचा आहे. त्याला लहानपणीच कुणी सांगितलं की तुझं वजन हीच तुझी ताकद आहे, तर त्याची सगळी कारकीर्द वेगळी होईल. पण ५७ किलोच्या विजेत्याची मिरवणूक जत्रेत निघत नाही, हेही खरं आहे.

२०१८ साली टीव्हीच्या पडद्यासाठी महाराष्ट्र कुस्ती दंगल नावाची लीग झाली. सहा संघ होते: पुणेरी उस्ताद, मुंबई अस्त्र, कोल्हापुरी मावळे, यशवंत सातारा, विदर्भाचे वाघ, वीर मराठवाडा. खानदेशाच्या नावाचा संघ नव्हता. हा अन्याय होता असा कांगावा मला करायचा नाही, संघ विकत घेणारे जिथे होते तिथे संघ झाले. पण मूसची जागा घेऊ शकणारी एकमेव गोष्ट उभी राहत होती, आणि तिच्या पहिल्या यादीतही तापी-गिरणेचा पट्टा नव्हता.

नंतर संघटनाच दुभंगली. २०२२ मध्ये जुनी राज्य कुस्तीगीर परिषद बरखास्त केल्याचं राष्ट्रीय महासंघाने जाहीर केलं, वाद न्यायालयात गेला, आणि २०२३ च्या नोव्हेंबरात महाराष्ट्र केसरीच्या दोन स्पर्धा झाल्या. फुलगावला सिकंदर शेख जिंकला, धाराशिवला शिवराज राक्षे. वर्तमानपत्रांनी दोन विजेत्यांची तुलना केली. जिल्ह्यातल्या पोरासमोर वेगळाच पेच होता: कोणत्या चाचणीला जायचं, आणि उद्या नोकरीच्या अर्जाला कोणाचं प्रमाणपत्र चालेल?

या सगळ्या कारकिर्दीचा खांब तो कागद आहे. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंसाठी पाच टक्के समांतर आरक्षण आहे. बहुतेक पैलवानांचं खरं ध्येय पोलीस शिपाई, राज्य राखीव दल, सैन्य किंवा रेल्वे हेच असतं. भुसावळ हे मध्य रेल्वेच्या विभागाचं ठिकाण असल्याने आपल्याकडच्या घरांत रेल्वेची नोकरी हे सुखाचं दुसरं नाव आहे. यात लाज वाटण्यासारखं काही नाही. खाशाबा जाधव ऑलिंपिकचं पदक घेऊन आले आणि १९५५ साली पोलीस खात्यात फौजदार म्हणून लागले. पदकाने पोट भरत नाही हे तेव्हाही खरं होतं. जळगावला जैन इरिगेशनने कॅरम, बुद्धिबळ आणि क्रिकेटच्या खेळाडूंना नोकरीवर ठेवून जो पायंडा पाडला, तो मला म्हणूनच मोलाचा वाटतो. खेळाडूला पगार देऊन खेळू द्यायचं, ही कल्पना या जिल्ह्याला नवी नाही. ती तालमीपर्यंत पोचलेली नाही, एवढंच.

इनामांचं बोलायचं तर वरच्या टोकाला आता जीप मिळते. २०२३ च्या जानेवारीत कोथरूडच्या महाराष्ट्र केसरीत शिवराज राक्षेला थार मिळाली आणि उपविजेत्या महेंद्र गायकवाडला ट्रॅक्टर. त्याच्या आदल्याच वर्षी साताऱ्याला जिंकलेल्या पृथ्वीराज पाटीलने मात्र गदेबरोबर रोख रक्कम मिळाली नाही, अशी खंत जाहीर बोलून दाखवली होती. कोथरूडच्याच मैदानावर निवृत्त मल्लांच्या मानधनात वाढ जाहीर झाली: महाराष्ट्र केसरी आणि हिंदकेसरींना दरमहा चार हजारांऐवजी पंधरा हजार, वयोवृद्ध खेळाडूंना अडीच हजारांऐवजी साडेसात. स्वागतच आहे. पण किताब नसलेला, राज्य अधिवेशनाला चार वेळा जिल्ह्यातर्फे लढलेला पैलवान वयोवृद्ध होईपर्यंत मधली तीस वर्षं काय करतो?

तो टेम्पो चालवतो. दूध डेअरी काढतो. व्यायामशाळेत शिकवतो, हॉटेल टाकतो, पुढाऱ्याच्या मागे फिरतो, क्वचित सरपंच होतो. खुराक बंद होत नाही आणि मेहनत बंद होते, म्हणून चाळिशीत साखर आणि रक्तदाब गाठतात. याविषयी तालमीत कुणी बोलत नाही, बोललं पाहिजे. आणि काही जण वस्ताद होतात. गावच्या मारुतीच्या पाराशेजारी पत्र्याची शेड टाकून, स्वतःच्या पैशाने लाल माती, हळद, लिंबू, तेल, ताक आणून आखाडा तयार करतात. पहाटे चारला पोरं उठवतात. आता त्यांच्याकडे मुलीही येतात. २०२३ साली सांगलीची प्रतीक्षा बागडी पहिली महिला महाराष्ट्र केसरी झाल्यापासून तर बापच हात धरून आणून सोडतो.

जामनेरला अलीकडे दोन वर्षं परदेशी मल्ल आणून कुस्त्यांचे महाकुंभ भरले. गर्दी अफाट होती, त्यात विजय चौधरीही उतरला. लोकांना कुस्ती हवी आहे याचा यापेक्षा वेगळा पुरावा नको. मला आयोजकांना, आणि गावोगावच्या यात्रा कमिट्यांनाही, एकच विनंती करायची आहे. जळगाव आणि धुळे जिल्ह्यांतल्या प्रत्येक तालुक्याच्या ठिकाणी एक गादी, एक पात्र प्रशिक्षक आणि दंगलींच्या निकालांची एक वही एवढं करा. कोणत्या पोराने, किती वजनात, कुणाला, किती मिनिटांत पाडलं, हे हंगामभर लिहिलं गेलं, तर आखाजीनंतर तीच वही उघडून जिल्हा संघाच्या शिबिराला पोरं बोलावता येतील. पहिल्या नंबरच्या इनामाचा दहावा हिस्सा बाजूला काढला तरी गादीचे हप्ते निघतील, आणि तालुक्यातल्या ५७ किलोच्या पोराला पुण्याची गाडी पकडण्याआधी निदान दोन हंगाम घरच्या जेवणावर गादीची कुस्ती शिकता येईल. यंदाच्या जत्रांच्या कमिट्या दिवाळीनंतर लगेच बसतील. हा विषय त्यांच्या पहिल्याच बैठकीत निघायला हवा.